इवासे कानजीचा शेवट

१

इवासे कानजी मेल्याची बातमी लातुरात सगळ्यांत आधी कळली ती व्यंकटच्या छापखान्याला. आणि ज्या दिवशी कळली त्याच दुपारी त्याच्या शेवटच्या कादंबरीचं शेवटचं प्रकरण टेबलावरून गडप झालं.

हा कानजी कोण, ते आधी सांगायला हवं. त्याचं पहिलं पुस्तक आलं तेव्हा गंजगोलाईतल्या निम्म्या दुकानदारांना तो कुणी गुजराती शेठ वाटला होता. शेठ कुठला, जपानी रहस्यकथाकार! प्रत्येक पुस्तकाच्या पाठीवर त्याची कारकीर्द छापलेली असायची आणि ती वाचणाऱ्यांना तोंडपाठ होती. कोळशाच्या खाणीच्या बेटावर जन्म, बाप लहानपणीच गेला, पोस्टात नोकरी, लढाईत घर जळालं. मग खुनांच्या गोष्टी लिहायला लागला. टोकियोच्या प्रकाशकांनी आधी दारातून हाकललं आणि नंतर डोक्यावर घेतलं. त्याच्या कादंबऱ्या मराठीत आणायचे कॉलेजातले प्राध्यापक साहेबराव, छापायचा व्यंकट, आणि वाचायचं अख्खं लातूर, नांदेड, उदगीर, पार माहूरच्या जत्रेतल्या पुस्तकांच्या गाड्यापर्यंत.

लातूर तेव्हा नुकतंच जिल्ह्याचं गाव झालं होतं. कलेक्टर आले, कचेऱ्या आल्या, रंगवलेल्या पाट्या आल्या. पाणी तेवढं यायचं राहिलं होतं. पावसानं पाठ फिरवलेली, नळाला नुसती हवा. टँकरचा भोंगा वाजला की माणूस हातातला घास टाकून घागर उचलायचा. त्या दुपारी भोंगा वाजला तसा छापखानाही रिकामा झाला. परत येऊन बघतात तर हस्तलिखितावरचं वजन बाजूला, आणि शेवटचं प्रकरण गायब. नुसतं तेवढंच असतं तरी एक वेळ चाललं असतं. कानजीच्या निधनाचं निवेदन छपाईचे खिळे जुळवून तबकात बांधून ठेवलं होतं, ते तबक उपडं पडलेलं, आणि शिशाची अक्षरं फरशीभर.

व्यंकट धापा टाकत गुरुपादप्पांच्या ओसरीवर आला. आप्पा पोलिसात जमादार होते, आता निवृत्त. मूळचे उदगीरकडचे, त्यामुळं नकार द्यायचा झाला की तोंडातून आधी कानडी "इल्ला" निघायचं. कानजीची सगळी पुस्तकं त्यांनी दोन-दोनदा वाचलेली.

"पोलिसात गेलो तर बोंब होईल, आप्पा," व्यंकट म्हणाला. "रविवारी नव्या ग्रंथालयात प्रकाशन हाय. तवर प्रकरण न्हाई सापडलं तर रामकिशनला हाकलून देणार हाय मी. त्यानंच नेलंय."

रामकिशन म्हणजे व्यंकटचा खिळे जुळवणारा. चोर म्हणून एकदा नाव लागलं की लातूरच काय, नांदेडातसुद्धा त्याला कुणी छापखान्याच्या उंबऱ्यात उभं करणार नव्हतं. बायको-पोरांचा धनी माणूस, दुसरा कुठला धंदा त्याला येत नव्हता. आप्पांनी टोपी डोक्यावर ठेवली आणि निघाले.

२

व्यंकटचं म्हणणं अगदीच हवेतलं नव्हतं. टँकरवरून सगळ्यांत आधी परत आला तो रामकिशन, आणि चोरी झाल्याचं ओरडून सांगणाराही तोच. त्यात आठवड्यापूर्वी नांदेडचा पुस्तकविक्रेता रेवणसिद्ध याला रामकिशनशी कुजबुजताना व्यंकटनं पाहिलं होतं. हा रेवणसिद्ध मोठा पोचलेला. गाजलेल्या पुस्तकाची चोरटी आवृत्ती काढायला मागंपुढं बघत नसे. शेवटचं प्रकरण ज्याच्या हातात, त्याचं पुस्तक आधी बाजारात, असा साधा हिशेब होता.

आप्पांनी रामकिशनला काहीच विचारलं नाही. हस्तलिखितावर वजन म्हणून ठेवलेली पांढरीशुभ्र चिनी मातीची दौत उचलली आणि सगळीकडून फिरवून पाहिली. मग त्याला म्हणाले, बाबा, ही जरा खिडकीत नेऊन ठेव. रामकिशननं ठेवली. दौतीवर त्याची चार काळी बोटं उमटली. खिळ्यांत हात घालणाऱ्याची बोटं आंघोळीनंही पांढरी होत नाहीत, आणि आंघोळीला पाणी होतं कुठं?

"मघाशी यावर डाग न्हवता," आप्पा व्यंकटला म्हणाले. "उचलणारा हात स्वच्छ होता."

व्यंकट म्हणाला, फडक्यानं धरली असेल. असेल बाबा, आप्पा म्हणाले, पण मग ते तबक? विस्कटलेले खिळे पुन्हा वेचून ज्याच्या त्या खणात घालायचे म्हणजे डोळे फुटायचं काम, आणि ते करायचं कुणी, तर रामकिशननंच. आपल्याच ताटात माती कोण कालवून घेतो?

रामकिशन तेव्हा बोलला. रेवणसिद्धनं नांदेडच्या छापखान्यात जागा देऊ केली होती, हे खरं. आपण नको म्हणालो, हेही खरं. "पर आता कोन इस्वास ठेवंल, आप्पा?" असं म्हणून तो फरशीवरचे खिळे वेचायला बसला. आप्पांना वाईट वाटलं.

पण त्यांच्या डोक्यात दुसरंच घोळत होतं. प्रकरण नेलं ते समजण्यासारखं होतं. पण एका परक्या मुलखातल्या लेखकाच्या मृत्यूची बातमी जमिनीवर आपटावी, इतका राग लातुरात कुणाला आला?

३

रेवणसिद्ध त्या दिवशी लातुरातच होता. आप्पांनी त्याला लॉजवर गाठलं. तो छातीवर हात मारून म्हणाला की चोरटी आवृत्ती काढायचा विचार आपल्या मनात होता, हाव, होताच, खोटं कशाला बोलू, पण चोरी आपली नाही. टँकर आला तेव्हा आपण पाइप धरायला गेलो होतो. गल्लीत विचारल्यावर बायका हसायला लागल्या. या शहाण्यानं पाइप धरला आणि निम्मं पाणी धोतरावर सांडलं, सगळ्यांनी मिळून त्याचा उद्धार केला होता. भोंगा वाजल्यापासून टँकर जाईपर्यंत तो शिव्या खात तिथंच उभा होता. रेवणसिद्ध सुटला.

मग आप्पा साहेबरावांकडं गेले. मोठ्या शेतकरी घराण्यातला माणूस, इस्त्रीचा सदरा, बोलणं पुण्याकडचं शिकून आलेलं. सरांनी चहा मागवला. रामकिशननं असं करायला नको होतं, म्हणाले. आप्पा म्हणाले, त्यानं केलंय हे अजून ठरायचंय. सरांना ते रुचलं नाही. कशाला खोलात शिरता, म्हणाले, एका माणसाला काढून टाकलं की विषय मिटला.

चोराची एवढी खात्री, आणि चोरलेल्या मालाची मात्र विचारपूस नाही. आप्पांनी बशीत चहा ओतला आणि सहज विचारावं तसं विचारलं.

"सर, प्रकरण गेलं तर गेलं. जपानी पुस्तक तुमच्यापाशी हायेच की. बसा आन पुन्हा उतरवून काढा. रविवारला येळ हाय."

साहेबरावांनी कप खाली ठेवला. मग म्हणाले, मूळ पुस्तक जपानला परत पाठवलं. आप्पा म्हणाले, इल्ला, पुस्तक गेलं तरी गोष्ट ध्यानात असंल. दोन महिने तुम्ही त्याच्यातच बसला होता. खुनी कोण, तेवढं तरी सांगा, बाकीचं व्यंकट लिहून काढंल.

खुनी कोण, हे अनुवादकाला सांगता येईना. हे बघितलं, ते आठवलं, असं काहीबाही पुटपुटत सर उठून आत गेले, आणि आप्पा गार झालेल्या चहापुढं एकटेच बसून राहिले.

४

घरी येऊन आप्पांनी कानजीची सगळी पुस्तकं फळीवरून खाली काढली. या वेळी खुनी शोधायला नव्हे, लेखक शोधायला.

साहेबरावांना तळटिपांचा भारी सोस. किमोनो आला की टीप, तांदळाची दारू आली की टीप, चटई आली तरी टीप, आणि पादत्राणं दाराबाहेर काढली तरी टीप! मराठी वाचकाला घराबाहेर चपला काढणं माहीत नसावं, असं त्यांना का वाटलं, देव जाणे. वाचता वाचता आप्पा 'हिमगावचा आड' या कादंबरीशी आले आणि एका पानावर बोट ठेवून थांबले.

त्या गोष्टीत गावच्या मुखियाला पाण्यातून विष दिलेलं असतं. संशय ओत्सुने नावाच्या म्हातारीवर येतो, कारण आडावर सगळ्यांनी तिला पाहिलेलं असतं. इन्स्पेक्टर मोरी तिला एका वाक्यात सोडवतो. म्हणतो, हिनं जन्मात आडाचा दोर हातात धरलेला नाही. ही लांब उभी राहते आणि दुसरं कुणी वरून हिच्या भांड्यात पाणी ओततं. झालं. गावकरी मान डोलावतात, म्हातारी सुटते आणि गोष्ट पुढं जाते.

का लांब उभी राहते? का वरून ओततात? एक अक्षर नाही. तळटीप नाही. चपलांना टीप देणाऱ्या सरांनी इथं टीप दिली नाही. आणि नवल म्हणजे, आप्पांनी स्वतः हे पान दोनदा वाचलं होतं, लातूर-नांदेडच्या शेकडो वाचकांनी वाचलं होतं, आणि कुणालाही काही विचारावंसं वाटलं नव्हतं. प्रत्येकाच्या गावात तो आड होता. लांब कोण उभं असतं, हे शेंबड्या पोराला माहीत होतं. आप्पांच्या डोळ्यांपुढं त्यांच्याच गावचा आड उभा राहिला आणि त्यांना मान वर करवेना.

जपानातही अशी माणसं असतील, नाही कोण म्हणतो? पण मग लिहिणाऱ्यानं दोन ओळी समजावून लिहिल्या असत्या, नाहीतर उतरवणाऱ्यानं खाली टीप जोडली असती. वाचणारा आपल्याच मुलखातला आहे, असं धरून चालणाराच असं लिहितो. आणि ही गोष्ट दोर ओढणाऱ्यांच्या बाजूनं लिहिलेली नव्हती. हातातलं भांडं पुढं धरून उभं राहताना खांदा कसा भरून येतो, हेही पुढच्या पानावर होतं. ते ज्यानं सोसलं, नाहीतर अगदी जवळून पाहिलं, त्यालाच ठाऊक.

आप्पांनी पुस्तक मिटलं. इवासे कानजी मेला नव्हता. तो जन्मलाच नव्हता. आणि ज्यानं त्याला जन्माला घातलं, त्यालाच ती मरणाची बातमी झोंबली होती. तो माणूस त्या दुपारी छापखान्यात होता.

५

दुसऱ्या दिवशी आप्पांनी साखराबाईला गाठलं. साखराबाई छापखान्यात पुस्तकं शिवायची, जिभेची तिखट आणि मनाची मोकळी. टँकरच्या रांगेत कोण कोण होतं, असं विचारल्यावर तिनं घडाघडा सांगितलं. व्यंकट होता, भांडत होता. रामकिशन होता, माझ्याच पुढं. पंचशीला होती, माझ्यामागं.

पंचशीला सोनकांबळे कलेक्टर कचेरीत टायपिस्ट होती. मूळची हिमायतनगरकडची, नांदेडला कॉलेज झालेली, नव्या जिल्ह्यात नोकरी लागली म्हणून लातूरला आलेली. दुपारच्या सुट्टीत छापखान्यात येऊन मुद्रितं तपासायची. साहेबरावांनीच तिला ते काम लावून दिलं होतं. त्या दिवशी निधनाच्या निवेदनाचं मुद्रितही तिनंच तपासलं होतं.

"पंचशीलाला बघितलंस का तिची घागर बघितलीस?" आप्पांनी विचारलं.

साखराबाई उत्तर द्यायला गेली आणि तोंड उघडं ठेवून थांबली. रांगेचा रिवाजच तो. घागर ठेवली की माणसाचा नंबर लागला. माणूस सावलीला बसलं काय आणि आसपास गेलं काय, घागर पुढं सरकवायचं काम मागचापुढचा करतो. त्या उन्हाळ्यात लातुरात लोक माणसं ओळखायचे ती भांड्यांवरून. वाकड्या काठाची घागर आली म्हणजे पंचशीला आली.

"घागर होती," साखराबाई हळूच म्हणाली. "मीच भरली. ती मागून आली, शेवटाला. तिला तरास देऊ नका, आप्पा. लई गुणाची हाय."

६

पंचशीलाच्या खोलीत एक खाट, एक बाबासाहेबांची तसबीर आणि भिंतभर पुस्तकं. त्यात जपानविषयीची जाडजूड इंग्रजी पुस्तकं होती, जुन्या बाजारातून आणलेली. आप्पांनी 'हिमगावचा आड' पुढं ठेवला आणि एवढंच म्हणाले की ताई, या म्हातारीला तळटीप का न्हाई?

तिनं ते पान उघडून त्यावरून हात फिरवला. मग म्हणाली, "माझी आजी. धुरपताबाई. टिपाही मीच लिहायची, पण इथं टीप द्यायचं माझ्या ध्यानातच आलं न्हाई, आप्पा. मला वाटलं, समद्यांनाच माहीत असतं."

मग तिनं सगळं सांगितलं. कॉलेजात असताना पहिली रहस्यकथा लिहिली, स्वतःच्या नावानं तीन मासिकांना पाठवली, तिन्हीकडून परत आली. साहेबराव तेव्हा नांदेडला शिकवायचे. ते म्हणाले, गोष्ट फक्कड आहे, पण या नावानं खपणार नाही. परदेशी नाव दे. मग कानजी झाला. त्याचं बेट, त्याचा बाप, त्याची पोस्टातली नोकरी, सगळं तिनंच रचलं. प्रकाशकांनी दारातून हाकललं, तेवढं रचावं लागलं नाही. ती लिहायची, सर आपल्या अक्षरात उतरवून व्यंकटला द्यायचे. शेवटचं प्रकरण तर तिनं टाइप करून पाकिटात बंद करून दिलं होतं. प्रकाशनाच्या घाईत सरांनी ते न वाचताच व्यंकटच्या टेबलावर नेऊन ठेवलं. नाव नसलं तरी निदान कानजी आपला आहे, यावर ती इतकी वर्षं समाधान मानून होती.

"आन मग ते निवेदन हातात आलं. इवासे कानजी वारले. यापुढं त्यांच्या पावलावर पाऊल टाकून साहेबराव स्वतः लिहितील. मला न इचारता मारलं त्याला. पुढं मीच लिहायचं, आन वर नाव सरांचं. भोंगा वाजला, समदे गेले, मला काय झालं मलाच कळलं न्हाई. प्रकरण पिशवीत घातलं, मग ते तबक उचललं आन आपटलं."

रामकिशनवर बालंट येईल, हे तिच्या डोक्यात आलं नव्हतं. सरांना कळेल आणि सर बोलायला येतील, एवढंच वाटलं होतं. सर आले. पाया पडतो, प्रकरण दे, म्हणाले. ती नाही म्हणाली. मग म्हणाले, बरं, गप्प तरी बस, रामकिशनला जाऊ दे, त्याचं काय एवढं. तेव्हापासून तिला अन्न गोड लागत नव्हतं.

"उद्या मी येते छापखान्यात," ती म्हणाली. "तुम्ही समद्यांना बोलवा."

७

व्यंकट, साहेबराव, रामकिशन आणि साखराबाई छपाईयंत्राभोवती बसले. आप्पांनी दौतीपासून घागरीपर्यंत सगळं क्रमानं सांगितलं. साहेबरावांनी मध्येच हसून म्हटलं की एक टायपिस्ट मुलगी जपानी कादंबऱ्या लिहिते, कोण खरं मानेल? आप्पा म्हणाले, मग खुनी कोण ते सांगा, सर. आता, इथं. आम्ही समदे ऐकून राहिलो.

साहेबरावांचं हसू विरलं. त्यांनी व्यंकटकडं पाहिलं, व्यंकटनं खाली.

पंचशीलानं पिशवीतून प्रकरण काढून मांडीवर ठेवलं. "चोरी मी केली. रामकिशनभाऊंचा काही संबंध न्हाई. चोर म्हणून माझं नाव घ्या, माझी ना न्हाई. पण मग पुस्तकावरही तेच नाव घ्या."

व्यंकटला घाम फुटला. त्यानं खूप सांगून पाहिलं. गिऱ्हाईक जपानी नावाला भुललंय, सोनकांबळे नावाला कोण हात लावणार, वर तुझं आणि सरांचं दोघांचं टाकू, नाहीतर आत बारीक अक्षरात टाकू. ती नुसती मान हलवत राहिली. साखराबाई म्हणाली की मालक, मला शेवट वाचायचाय, मुकाट्यानं नाव टाका. शेवटी उठला तो रामकिशन. कुणाला न विचारता खिळ्यांच्या खणांपाशी गेला, मुखपृष्ठाचा सगळ्यांत मोठा खिळा हातात घेतला आणि पंचशीलाला विचारलं, "आडनाव खाली घेऊ का एकाच ओळीत?"

"एकाच ओळीत," ती म्हणाली. साहेबराव चपला घालून निघून गेले.

पुस्तक रविवारी आलं. ग्रंथालयातल्या समारंभात साहेबराव नव्हते, आणि भाषणं करणाऱ्यांची जरा पंचाईतच झाली. खप पहिल्यासारखा झाला नाही, हेही सांगायला हवं. व्यंकट कपाळाला हात लावून बसला होता, पण रामकिशनपुढं मान वर करून बोलायची सोय त्याला उरली नव्हती.

पुढं काही दिवसांनी पंचशीला गावी निघाली. आप्पांनाही नांदेडला काम होतं, म्हणून दोघं एकाच एसटीनं गेले. नांदेडच्या स्टँडवर रेवणसिद्धच्या गाड्यापाशी एक गिऱ्हाईक तेच पुस्तक उलटंपालटं करत उभं होतं. कोण ही सोनकांबळे, असं विचारून ते वैतागून रेवणसिद्धला म्हणालं, "कानजीची सरळ नक्कल मारून राहिली की ही बाई."

आप्पांच्या अंगाचा तिळपापड झाला. ते तावातावानं पुढं सरकले, पण पंचशीलानं त्यांची बाही धरली.

"राहू द्या, आप्पा," ती म्हणाली. तिचे डोळे भरून आले होते आणि ती हसत होती. "नाव वाचलं ना त्यानं?"

गिऱ्हाईकानं तोवर पहिलं पान उघडलं होतं. त्याची भोकरची गाडी लागली, कंडक्टरनं दोनदा हाळी दिली, आणि गाडी निघून गेली तरी ते तिथंच उभं राहून वाचत होतं.